ऐंशी गड्डे रद्द

बुधवारी सकाळी साडेआठ वाजता बोंग-निमबाईंनी हेनामच्या शेतावर फोन करून कोबीचे ऐंशी गड्डे रद्द केले. फोन दीड मिनिट चालला. शेतावरच्या बाईने दोनदा विचारलं, सगळेच का, आणि बोंग-निमबाईंनी दोनदा सांगितलं, सगळेच. यंदा जमणार नाही, एवढंच कारण त्यांनी दिलं. मग फोन कोटाच्या खिशात टाकला, उजव्या मनगटाचा पट्टा आवळला आणि जोन्जूच्या जुन्या वस्तीकडे जाणारी बस पकडली. तिथे दहा वाजता त्यांचा पहिला वर्ग असे.

ऐंशी गड्डे म्हणजे चार घरांचा हिवाळा. बोंग-निमबाईंचं घर, सोल आणि देजनच्या दोन धाकट्या दिरांची घरं आणि गिम्जेत एकट्या राहणाऱ्या थोरल्या नणंदेचं, ग्वी-बुनबाईंचं घर. नोव्हेंबरच्या शेवटच्या शनिवारी या चार घरांची किमची, म्हणजे कोबीचं आंबवलेलं तिखट लोणचं, बोंग-निमबाईंच्या अंगणात घातली जायची, कारण त्या थोरल्या मुलाची बायको. लग्न झालं तेव्हा त्या सत्तावीस वर्षांच्या होत्या, आता सहासष्ट. म्हणजे एकोणचाळीस किमच्या. पहिली पंचवीस वर्षं सासूच्या नजरेखाली, पुढची चौदा नणंदेच्या.

कामाची वाटणी कधी कोणी ठरवली नव्हती, ती पडत गेली होती. ग्वी-बुनबाई आदल्या दिवशी येऊन मसाला चाखायच्या. दोन्ही जावा शनिवारी दुपारी रिकामे डबे घेऊन गाडीने यायच्या, हातमोजे घालायच्या, तासभर पानांना मसाला चोळायच्या, उकडलेलं डुकराचं मांस ताज्या किमचीत गुंडाळून खायच्या आणि अंधार पडायच्या आत निघायच्या. मुळे किसणं, लसूण सोलणं, भाताची पेज शिजवणं, टब उचलणं, अंगण धुणं हे बाकीचं सगळं म्हणजे बोंग-निमबाई. त्यांचे यजमान निवृत्त बसचालक. शनिवारी ते टब उचलायला हजर असायचे, पण कमरेचं ऑपरेशन झाल्यापासून फक्त हजर असायचे.

सहा वर्षांपासून कोबी मिठात मुरवून तयार यायला लागला होता. त्याआधी तोही घरी मुरायचा. ग्वी-बुनबाईंना विकतचं मुरवणं पसंत नव्हतं. दर वर्षी त्या पहिल्या गड्ड्याचं पान तोडून चावायच्या आणि म्हणायच्या, "खारट आहे. पण आता काय."

मनगट गेलं ते किमचीनं नव्हे. एकोणीस वर्षं एका शाळेच्या स्वयंपाकघरात सहाशे मुलांचा भात ढवळून गेलं. डॉक्टरांनी उन्हाळ्यात दुसरं इंजेक्शन दिलं आणि सांगितलं की तिसरं देईन, चौथं देणार नाही. जड उचलायचं नाही, पिळायचं नाही. बोंग-निमबाईंनी विचारलं, किमची घालायची का. डॉक्टर तरुण होता. तो म्हणाला, मावशी, हल्ली चांगली विकत मिळते.

तेव्हापासून, म्हणजे ऑगस्टपासून, त्या एक वाक्य तयार करत होत्या. वन्सं, यंदा हात चालत नाही, ज्याचं त्याने बघावं. मुळा किसताना म्हणून बघितलं, बसमध्ये मनातल्या मनात म्हणून बघितलं. सप्टेंबरात पितरांच्या सणाला ग्वी-बुनबाई समोर बसल्या होत्या तेव्हा ते जिभेवर आलं होतं, पण नणंदेनं नेमकं तेव्हा विचारलं, "तिखट यंदा कुणाकडून घ्यायचं?" आणि बोंग-निमबाईंनी कुणाकडून ते सांगितलं.

वाक्य अवघड नव्हतं. अवघड होता त्यावर येणारा प्रश्न. परक्यांसाठी चालतो आणि घरासाठी चालत नाही, असा कसला हात? कारण गेली पाच वर्षं बोंग-निमबाई प्रवाशांना किमची करायला शिकवत होत्या. आठवड्यातले चार दिवस, रोज दोन तुकड्या. हे सगळ्या घराला माहीत होतं. या प्रश्नाला त्यांच्याकडे उत्तर नव्हतं. निदान सांगण्यासारखं नव्हतं.

म्हणून त्यांनी शेवटी उलट्या बाजूने सुरुवात केली. आधी कोबी रद्द. शुक्रवारी गाडी येणार होती, बुधवारनंतर शेतावर कोबी मिठात पडला असता. नणंदेला संध्याकाळी, दुसऱ्या तुकडीनंतर, फोन करायचा. कोबीच नसेल तर वाद कशावर घालणार?

यात एक गोष्ट त्या विसरल्या. हेनामच्या वहीत ही ऑर्डर त्यांच्या नावावर नव्हतीच. शेत ग्वी-बुनबाईंच्या दिवंगत यजमानांच्या ओळखीचं. वहीत नाव होतं 'गिम्जेची थोरली', आणि फोन नंबरही तिचाच.

वर्ग भरायचा तो एका कौलारू घरात. लांब टेबल, आठ खुर्च्या, प्रत्येकापुढे एक परात, त्यात मिठात मुरलेला, धुऊन निथळलेला अर्धा गड्डा. म्हणजे एका तुकडीला चार गड्डे. ते पिळून परातीत ठेवणं, मसाल्याचं पातेलं उचलणं ही कामं से-रिन करायची. ती वर्गाची चालक, तीस-बत्तीसची, इंग्रजी फाडफाड बोलणारी. बोंग-निमबाईंनी करून दाखवायचं आणि से-रिनने सांगायचं. तिचा एकच नियम होता: प्रत्येकाला किमान एकदा 'छान' म्हणायचं. पहिल्या महिन्यात बोंग-निमबाईंना ते फार जड गेलं होतं. आता त्या न बघताही म्हणत.

त्या दिवशी सात माणसं होती. न्यूझीलंडच्या दोन निवृत्त शिक्षिका, सख्ख्या बहिणी. ब्राझीलचं एक जोडपं. तैवानच्या मायलेकी. आणि म्यूनिकहून आलेला एक फार उंच गृहस्थ, ज्याला ॲप्रन पोटाच्या वरच संपत होता. आठवं कुणीतरी ऑस्ट्रेलियाहून येणार होतं, ते आलं नाही.

बोंग-निमबाईंनी गुलाबी रबरी हातमोजे चढवले, सगळ्यात आतलं कोवळं पान उलगडलं आणि मसाला कुठे लावायचा ते दाखवलं. बुडाशी, पांढऱ्या जाड भागाला. हिरव्या शेंड्याला नाही, तो आपोआप ओढून घेतो. हे त्या दिवसातून दोनदा सांगत. माणसं दिवसातून दोनदा शेंड्यालाच लावत.

दहा वाजून पन्नास मिनिटांनी दार सरकलं. दारात जांभळा फुगीर कोट घातलेल्या ग्वी-बुनबाई उभ्या होत्या. वय चौऱ्याहत्तर. बसस्टॉपपासून भरभर चालत आल्यामुळे नाक लाल झालेलं.

"बोंग-निम इथेच शिकवते ना?" त्यांनी विचारलं.

से-रिनने हातातली यादी बघितली, रिकामी खुर्ची बघितली. अधूनमधून गावातल्या आज्याही येत, नातवंडांनी नाव घातलेल्या. "हो आजी, या ना. उशीर झाला तरी चालेल, चोळणं आत्ताच सुरू झालंय," ती म्हणाली. कोट उतरवून घेतला, ॲप्रन गळ्यात घातला, मागून गाठ मारली. परक्या माणसांसमोर पुढे केलेली वस्तू नाकारायची सवय ग्वी-बुनबाईंना नव्हती. त्या खुर्चीत बसल्या. उजवीकडे म्यूनिक, डावीकडे न्यूझीलंड. समोर, टेबलापलीकडे, भावजय.

बोंग-निमबाईंच्या हातातलं पान हातातच राहिलं.

"हेनामच्या बाईचा फोन आला होता," ग्वी-बुनबाई म्हणाल्या. आवाज अजिबात चढला नव्हता. "विचारत होती, घरात कोण गेलं. ऐंशी गड्डे ऐनवेळी कुणी रद्द केले तर एक तर मयत असते नाहीतर काडीमोड, म्हणाली."

"मी संध्याकाळी तुम्हाला फोन करणार होते, वन्सं."

"संध्याकाळपर्यंत तिच्या शेतावरच्या कुत्र्यालाही कळलं असतं."

न्यूझीलंडच्या मोठ्या बहिणीनं से-रिनला विचारलं की आजी काय म्हणताहेत. से-रिनने एकदा इकडे, एकदा तिकडे बघितलं. मग इंग्रजीत सांगितलं की हेनामचा कोबी यंदा चांगला आलाय, असं आजी म्हणताहेत. दोघी बहिणींनी माना डोलावल्या.

बोंग-निमबाईंनी दुसरं पान उलगडलं. वर्ग थांबवता येत नव्हता. बारा वाजता या लोकांना राजवाडा बघायला जायचं होतं.

ग्वी-बुनबाईंनी बोटाच्या टोकावर मसाला घेतला, जिभेला लावला. "वाकटी कुठाय यात?"

गिम्जेकडच्या सासरच्या घराची किमची खारवलेल्या वाकटी माशाच्या तुकड्यांवरून ओळखली जायची. सासूची ती खूण होती. बोंग-निमबाईंनी सांगितलं की इथे वाकटी घालत नाहीत, खारवलेला जवळा आणि माशाचं पाणी, तेही बेताचं. पाहुण्यांना वास सोसत नाही.

"वास सोसत नाही त्यांनी किमची कशाला शिकावी? सफरचंद सोलायला शिकावं."

यावर से-रिनला हसू आलं, ते तिने खोकल्यात घालवलं. आतापर्यंत तिला नातं कळलं होतं. बोंग-निमबाईंकडे बघून तिने भुवया उंचावल्या, बाहेर नेऊ का यांना, अशा अर्थाने. बोंग-निमबाईंनी मान हलवली. बाहेर नेलं असतं तर तिथे बोलणं झालं असतं. इथे निदान मध्ये टेबल होतं.

मग ग्वी-बुनबाई कामाला लागल्या. समोर कोबी आणि मसाला ठेवल्यावर हात मांडीवर ठेवून बसणं त्यांना जमण्यातलं नव्हतं. इतरांचं तिसरं पान चालू असताना त्यांनी अख्खा अर्धा गड्डा चोळला, बाहेरच्या पानानं करकचून बांधला आणि बाजूला ठेवला. उजवीकडे बघितलं. म्यूनिकचा गृहस्थ शेंड्याला मसाला फासत होता. त्यांनी त्याची परात स्वतःकडे ओढली. तो खूश झाला, फोन काढून चित्रण करायला लागला.

"वन्सं, तो त्याचा आहे. त्याने पैसे भरलेत."

"मग? वाया घालवायला भरलेत?" ग्वी-बुनबाईंनी मान वर केली नाही. "परक्यांसाठी बरा चालतो गं तुझा हात."

आला. ऑगस्टपासून ज्याची वाट बघत होत्या तो प्रश्न आला, आणि आला तो सात परक्यांच्या देखत, ज्यांना एक अक्षर समजत नव्हतं. बोंग-निमबाईंना वाटलं होतं आपण गप्प बसू. एकोणचाळीस वर्षांत बहुतेक वेळा बसल्याच होत्या. पण त्या दमलेल्या होत्या, आणि दमलेल्या माणसाला सजवून बोलणं सुचत नाही.

"इथे चार गड्डे असतात," त्या म्हणाल्या. "बाराला संपतात. मग मी हात धुते आणि जेवते. घरचं संपत नाही, वन्सं. शनिवारी तुम्ही सगळे गेलात की मी अंगण धुते, रविवारी टब घासते, मंगळवारपर्यंत हाताची मूठ वळत नाही. आणि डिसेंबरात सोलहून फोन येतो, यंदा जरा पाणचट झाली म्हणून."

"कोण म्हणतं पाणचट?"

"दर वर्षी म्हणतात. तुम्हाला नाही सांगत, मला सांगतात."

ग्वी-बुनबाईंचे हात क्षणभर थांबले, पुन्हा चालू झाले. ब्राझीलच्या बाईनं हात वर करून विचारलं, किमची किती दिवस बाहेर ठेवायची. बोंग-निमबाईंनी सांगितलं, थंडीत दोन दिवस, मग आत. से-रिनने भाषांतर केलं. बोंग-निमबाईंनी त्या बाईच्या परातीकडे न बघता 'छान' म्हटलं.

"आईनं शेवटी काय सांगितलं होतं, आठवतं ना?" ग्वी-बुनबाई म्हणाल्या. "चार घरांनी विकतची किमची खायची नाही. हॉस्पिटलात, माझा हात धरून."

"तुमचा हात धरून. तुम्हाला सांगितलं होतं. मला नाही सांगितलं."

हे बोलल्यावर स्वतः बोंग-निमबाईंनाच ते जरा जास्त झालं असं वाटलं. से-रिन यादीत काहीतरी वाचू लागली. न्यूझीलंडच्या बहिणींना शब्द कळत नसले तरी बाकी सगळं कळलं असावं, कारण दोघींनी एकदमच खाली माना घालून कोबी चोळायला सुरुवात केली.

शेवटी उकडलेल्या मांसाचे काप आले, प्रत्येकाने आपल्या ताज्या किमचीचं पान तोडून त्यात गुंडाळून खाल्लं, फोटो झाले. गटाच्या फोटोत ग्वी-बुनबाई मधोमध आल्या, कारण म्यूनिकच्या गृहस्थाने त्यांना खांद्याला धरून मधोमध आणलं. खुर्चीतून उठताना त्यांनी दोन्ही तळहात टेबलावर टेकले आणि मग उठल्या. कंबर सरळ व्हायला थोडा वेळ गेला. ते बोंग-निमबाईंनी पाहिलं.

माणसं गेली. आपल्या किमचीचे डबे बरोबर नेणारी दोघंच होती, तैवानच्या मायलेकी. बाकीच्यांना पुढे विमान होतं, सामान होतं, हॉटेलच्या खोलीत वास होतो हे होतं. पाच डबे टेबलावर राहिले. रोजच राहत. से-रिन ते गावातल्या वृद्धांच्या केंद्रात पाठवायची.

"ठेवून गेले?" ग्वी-बुनबाईंनी विचारलं.

"विमानात फुगतात."

"मग करतात कशाला?"

"करून बघायला."

बोंग-निमबाईंनी हातमोजे काढले. उजवा निघेना. पट्टा घट्ट झाला होता, खाली मनगट सुजलं होतं. डाव्या हाताने खेचून त्यांनी तो काढला आणि नळाखाली हात धरला. नणंद बाजूला उभी राहून बघत होती. डॉक्टर काय म्हणाला, असं काही तिनं विचारलं नाही.

"वीस," ती म्हणाली.

"काय वीस?"

"ऐंशी राहू देत. वीस करू. श्राद्धाच्या पानावर आईला विकतची वाढायची का?"

"वीस नाही, वन्सं."

"दहा. दहा काही जड नाहीत. मी सगळं चोळते, तू नुसती बस."

बोंग-निमबाईंनी नळ बंद केला. दहा गड्ड्यांनाही लसूण सोलावा लागतो, पेज शिजवावी लागते, टब लागतात, अंगण लागतं. दहाचे पुढच्या वर्षी पंधरा होतात. आणि नुसतं बसणं म्हणजे काय, ते त्यांनी त्या घरात कधीच बघितलं नव्हतं.

"दहा पण नाही," त्या म्हणाल्या. "एक पण नाही. अंगणात यंदा काही होणार नाही."

ग्वी-बुनबाई खुर्चीत बसल्या. ॲप्रन अजून गळ्यातच होता. त्यांनी टेबलावरचे पाच डबे एका ओळीत लावले. "मी लोकांना सांगू काय?" त्यांनी विचारलं. या खेपेला आवाजात टोमणा नव्हता, खरोखरची अडचण होती. "माझ्या थोरल्या भावजयीनं नाही म्हटलं, असं सांगू? चौदा वर्षं मी चालवलं आणि मग माझ्यादेखत बंद पडलं, असं?"

"खरं तेच सांगा. माझ्यावर घाला. मी ऐकून घेईन."

"तू ऐकून घेशील. आणि मी?"

मग त्यांनी पिशवीतून फोन काढला, चष्मा शोधला, सोलच्या भावजयीचा नंबर लावला. त्यांना कमी ऐकू येत असल्यामुळे पलीकडचा आवाज नेहमी खोलीभर पोचायचा.

"मी बोलतेय," ग्वी-बुनबाई म्हणाल्या. पाठ ताठ झाली होती. "ऐक. यंदा किमची घालायची नाही असं मी ठरवलंय. ज्याचं त्याने बघावं. बोंग-निमचा हात चालत नाही आणि मला ते—"

"बरं, वन्सं," पलीकडून आलं. वाक्य पुरं व्हायच्या आत. "चालेल की. शनिवारी यायचं नाही ना मग?"

"यायचं नाही."

"बरं. काळजी घ्या हं."

देजनच्या भावजयीनंही बरं म्हटलं. शिवाय म्हणाली की तिच्या शेजारणीनं मागवली ती किमची फार चांगली निघाली, हवी तर ती वन्संना फोनवर पत्ता पाठवते. दोन्ही फोन मिळून तीन मिनिटं झाली नसतील.

ग्वी-बुनबाईंनी फोन टेबलावर पालथा ठेवला. कोणीतरी रडेल, निदान असं कसं म्हणेल, आईचं नाव काढेल, असं त्यांना वाटलं असावं. बोंग-निमबाईंनाही वाटलं होतं. ऑगस्टपासून त्या हा फोन मनात करत होत्या, आणि मनातल्या फोनवर सगळे भांडायचे.

"बरं म्हणाली," ग्वी-बुनबाई म्हणाल्या.

"हो."

"दोघी पण."

"ऐकलं मी."

आपलं वाक्य दुसऱ्याच्या तोंडून गेलं याचं बोंग-निमबाईंना काही वाटलं नाही. हलकं वाटेल असं समजत होत्या, तसंही वाटलं नाही. फक्त पाय दुखताहेत हे जाणवलं. त्या समोरच्या खुर्चीत बसल्या. एवढ्यात से-रिनने दोन वाट्या भात आणून ठेवला, उरलेलं मांस ठेवलं आणि काही न विचारता मागच्या खोलीत गेली. ग्वी-बुनबाईंनी परक्यांच्या डब्यांतला एक उघडला, बुडाकडचं एक पान ओढून काढलं, चावलं.

"खारट आहे," त्या म्हणाल्या.

"आहे थोडी."

दोघी जेवल्या. दुसरी तुकडी दोनला होती. पाऊण तास होता.